घरपट्टीच्या रागानं कधी कुणाची सत्ता गेलीय काय?

शहापूरकर:
आमच्या बेळगावात, गल्लीत सध्या एकच विषय, घरपट्टी. गाईडन्स व्हॅल्यू, म्हणजे सरकारनं ठरवलेला जागेचा भाव, धरून आकडा काढतात, वर कचऱ्याचा सेस, आणि दरवर्षी वाढ हायच. शेजारच्या आजी एकट्या राहतात, नवऱ्याच्या पेन्शनवर, घर जुनं कौलारू, पण जागेचा भाव चढला म्हणून पट्टी चढली, त्यांनी काय आता घर विकायचं? नगरसेवकाला विचारलं तर म्हणतो कायदा बेंगळूरचा, आमच्या हातात काय नाही. सगळे शिव्या घालायलेत आणि एप्रिलात 5 टक्के सूट मिळते म्हणून भरायलेत पण.

निपाणीवाला:
जाते की सत्ता! कोल्हापूरला 2011 ला जकात जाऊन एलबीटी, म्हणजे स्थानिक संस्था कर, आला, मग बाकी शहरांत पण लावला, तेव्हा महाराष्ट्रभर व्यापाऱ्यांनी दुकानं बंद ठेवली होती. 2014 ला भाजपनं एलबीटी काढतो म्हणून मतं मागितली, काँग्रेस-राष्ट्रवादी घरी बसले, आणि 1 ऑगस्ट 2015 पासून 50 कोटींच्या आत उलाढाल असलेल्यांचा एलबीटी गेला. बाकी कारणं पण होती, पण व्यापारी एकजूट होते हे खरं.

अनगोळची ताई:
इंग्लंडात तर पंतप्रधान गेल्या. थॅचरबाईंनी पोल टॅक्स, म्हणजे घरावर नाही तर माणशी कर, आणला, आधी 1989 ला स्कॉटलंडात, मग 1990 ला इंग्लंड-वेल्समध्ये. एका गावात बंगलेवाला आणि भाड्याच्या खोलीतला जवळजवळ सारखाच भरणार. लाखो लोकांनी भरलाच नाही, लंडनात दंगल झाली, त्याच नोव्हेंबरात बाईंचा राजीनामा. युरोपवरून पण पक्षात भांडण होतं, पण आपल्या सीटा जाणार म्हणून त्यांचेच खासदार घाबरले होते. 1993 ला नवीन टॅक्स आला.

वडगावकर:
आपल्याकडं हीच भीती नाही बघा. इतकी वर्षं कार्पोरेशनला मराठी का कन्नड यावरच मतं पडली, 2021 ला पहिल्यांदा पक्षाच्या चिन्हावर झाली तर पक्ष बघून पडली, आणि महापौर निवडायला 2023 उजाडलं. मी पण मराठी म्हणूनच मत दिलंय आणि देणार, भाषेचा हक्क सोडा असं म्हणत नाही, पण पट्टी भरताना मराठी-कन्नड सगळे एकाच लाईनीत असतात ना? आणि हातात काय नाही हे पटत नाही. कायद्यात कमीत कमी नि जास्तीत जास्त दर दिलाय, त्यामधला दर कार्पोरेशनच ठरवते. तुमच्या नगरसेवकाला लेखी विचारा, त्या ठरावाला तुम्ही हात वर केला होता का.

शहापूरकर:
हे माहीतच नव्हतं ओ. आजींच्या जुन्या पावत्या जोडून अर्ज लिहितो, गल्लीतल्या कन्नड घरांच्या पण सह्या घेतो. ठरावाची कॉपी कुणाकडं असली तर टाका इथं.