फोल्डरची लिंक काहींकडे उघडते, काहींकडे ‘डिक्रिप्शन की’ मागते

खाडीकाठ:
तारकर्लीत होमस्टे आहे. पाहुण्यांचे स्नॉर्केलिंगचे फोटो-व्हिडिओ मेगावर (फाइल साठवायची ऑनलाइन सेवा) फोल्डरमध्ये टाकून व्हॉट्सअ‍ॅपवर लिंक देतो. कुणाकडे लगेच उघडते, कुणाकडे डिक्रिप्शन की (कुलूपबंद फाइल उघडायची किल्ली) मागते. लिंक तर सगळ्यांना तीच! आणि मागाहून टाकलेले फोटो दिसण्यासाठी नवी लिंक द्यावी लागते का?

रेवस-रेडी:
पुढे पाठवताना लिंकचं शेपूट तुटलंय. ‘फोल्डर’ या शब्दानंतरची ८ अक्षरं म्हणजे फोल्डरचा पत्ता, # नंतरची २२ म्हणजे किल्ली. # च्या पुढचं ब्राउझर सर्व्हरला पाठवतच नाही, म्हणून किल्ली गळाली तर कंपनीही ती भरून देऊ शकत नाही. ज्याची उघडत नाही त्याच्याकडून स्क्रीनशॉट मागवा आणि # नंतरची अक्षरं मोजा. हाताने टाइप केली असेल तर कॅपिटल-स्मॉलचा घोळ बघा. खोलीत कार्ड लावायचं तर सरळ क्यूआर छापा. फक्त लिंक छोटी करून देणाऱ्या साइटवर टाकू नका, तिथे किल्लीसकट सगळं त्यांच्या हाती जातं.

सुरंगी:
नवी लिंक नको. प्रत्येक फाइलची किल्ली वेगळी असते आणि ती फोल्डरच्या किल्लीने बंद केलेली असते. फोल्डरात नवी फाइल पडली की जुन्या लिंकवरच दिसते. फोल्डरचं नाव बदललं तरी चालतं.
पण आतले सगळे सब-फोल्डरही त्याच लिंकने उघडतात. पाहुण्यांच्या आधारच्या प्रती तिथेच कुठे ठेवल्या असतील तर आधी बाहेर काढा. आणि दर ग्रुपला वेगळा फोल्डर करा, नाहीतर पुण्याच्या पाहुण्यांना कोल्हापूरकरांचे फोटो. लिंक काढून टाकली की दार बंद होतं, पण कुणी आधीच उतरवून घेतलेलं परत येत नाही.

खाडीकाठ:
किल्लीच तुटली होती! आता एकच, मोठे व्हिडिओ मध्येच अडकतात.

रेवस-रेडी:
फुकट खात्याला डाउनलोडची मर्यादा आयपीवर (इंटरनेट जोडणीच्या पत्त्यावर) मोजतात. सगळे पाहुणे तुमच्याच वायफायवर असतील तर ती सगळ्यांत मिळून संपते. त्यांना आपापल्या डेटावर घ्यायला सांगा, आणि मोबाइलवर ब्राउझरऐवजी अ‍ॅपमधून.