कल्पित जगातली गुप्त मंडळी: रचना, निरोप आणि फितुरी कशी बसवावी?

तापीकाठ (अमळनेर)

राम राम मंडळी. कल्पित जगाची कादंबरी लिहायला घेतली आहे. सिरा नदीचं खोरं, तिच्यावर सात बंधारे, सगळं पाणी वैराटगडाच्या राणीच्या ताब्यात. जादू एवढीच की वाहत्या पाण्याला ओठ लावून बोललेलं वाक्य प्रवाहाबरोबर खाली जातं आणि खाली पाण्याला कान लावला की ऐकू येतं. राणीविरुद्ध काम करणारी गुप्त मंडळी आहे, नाव 'पाचवा फड'. सध्या ४० जण, तळघर, मशाली, काळे अंगरखे, रक्ताची शपथ. वाचताना खोटं वाटतं. रचना, निरोप आणि फितुरी कशी मांडावी?

पांझरेचा पाट (धुळे)

भाऊ, नाव फार चांगलं सापडलंय, आता त्या नावाशी इमान राखा. आपल्याकडे पांझरा-मोसम नद्यांवरच्या फड पद्धतीत बंधाऱ्याखालची जमीन तीन-चार फडांत वाटलेली असते. एका फडात एकच पीक, एखादा फड कोरडा. चार फडांच्या गावात पाचवा फड म्हणजे कागदावर नसलेली जमीन. मग ती कुठे आहे, तिथे काय पिकतं, तिला पाणी कोण सोडतं, हे आधी ठरवा. मंडळीचा खर्च त्या पिकातून निघतो. शपथ नंतर बघू.

माणसंही फडातूनच घ्या. हवालदार म्हणजे सगळ्यांवर देखरेख करणारा, पाटकरी पाटाचं पाणी सोडणारा, बारेकरी शेताला पाणी देणारा, जागल्या राखण करणारा. यातला जागल्या किंवा बारेकरी मध्यरात्री कंदील-फावडं घेऊन पाटावर दिसला तर कुणी हटकत नाही. काळा अंगरखा घातलेल्याला गावातलं कुत्रंसुद्धा सोडणार नाही.

४० जण एकमेकांना ओळखतात म्हणजे ७८० ओळखी. त्यातली एक फुटली की सगळं गेलं. त्याऐवजी प्रत्येक बंधाऱ्यावर चौघं ठेवा: एक पाटकरी, दोन बारेकरी, एक जागल्या. सात बंधाऱ्यांचे २८. चौघांत सहा ओळखी, सातांच्या ४२, आणि पाटकऱ्याला फक्त वरच्या बंधाऱ्याचा पाटकरी माहीत, त्या सहा. एकूण ४८. हवालदार राणीचाच राहू द्या, गोष्टीला ताण येतो.

यात दोष असा की ही सरळ साखळी आहे. तिसरा बंधारा पकडला गेला की खालचे चार तुटले. म्हणून प्रत्येक पाटकऱ्याला दोन बंधारे वरची एक खूण माहीत हवी, नाव नको. सांडव्याच्या ठरलेल्या दगडावर पांढरा गोटा ठेवलेला असेल तर वरचा माणूस जिवंत आहे, एवढंच.

आणि एक गोष्ट बहुतेक लेखक विसरतात. चोरून पाणी घेतलं की राणीच्या शिपायाला कळायच्या आधी पाटाच्या शेवटच्या थळकऱ्याला, म्हणजे तिथल्या शेतकऱ्याला कळतं. त्याची पाळी अपुरी पडते, पीक त्याचं वाळतं. तुमच्या मंडळीचा पहिला शत्रू हा गरीब माणूस आहे. त्यामुळे सांडव्यावरून पाणी वाहून जातंय तेव्हाच घ्यावं आणि उन्हाळ्यात पाचवा फड कोरडा ठेवावा. ज्या वर्षी हा नियम मोडतात, त्या वर्षीपासून कादंबरी सुरू करा.

मोडीवाचक (जळगाव)

निरोपाचं बघू. पाणी बोलणं वाहून नेतं, पण किती वेळात? पाटावर ३० मीटर मोजा, वाळलं पान सोडा. मिनिटभर लागलं तर सेकंदाला अर्धा मीटर, म्हणजे तासाला १.८ किलोमीटर. ११ किलोमीटर खालच्या बंधाऱ्यावर निरोप दोन प्रहरांनी, सहा तासांनी पोचेल. पाणी उतरलं की वेग घटतो, निरोप उशिरा जातो. बैठक हुकण्याचं हे साधं कारण वापरा.

मधल्या ११ किलोमीटरांत कुणीही कान लावू शकतं, म्हणून वाक्य घरगुती वाटलं पाहिजे आणि तिथी त्यात लपली पाहिजे. त्यासाठी कटपयादी घ्या, म्हणजे अक्षरांत आकडे लपवायची जुनी पद्धत. क, ट, प, य हे चारही १. तिथून पुढची अक्षरं ओळीने २, ३, ४. ञ आणि न शून्य. आकडे उलटे वाचायचे. 'मका' म्हणजे म ५, क १, उलटं १५. नाका १०, पाट ११, रोप १२, गोटा १३, घाट १४. एक ते नऊ पोरांनाही पाठ होतील: पान, रान, बन, वन, मान, तान, सून, दान, धान.

चूक होते ती प्रत्ययात. 'रानात' म्हटलं की त चा ६ येऊन २ चे ६०२ होतात. त्यामुळे वाक्यातल्या पहिल्या शब्दाची पहिली दोनच अक्षरं धरायची. काना-मात्रा मोजत नाहीत, जोडाक्षरात शेवटचं व्यंजन. 'मक्याला पाणी द्या' मध्ये क्य चा य धरला तरी १ च, तिथी १५ च राहते. 'सुनेला माहेरी पाठवा' म्हणजे सप्तमी. शुद्ध की वद्य ते आधीच ठरलेलं हवं, नाहीतर निम्मे लोक पंधरा दिवसांनी येतील. आणि 'पाट फुटला' असं कधीच बोलू नका. अख्खं गाव फावडी घेऊन धावेल!

तापीकाठ (अमळनेर)

तिथीचं फारच कामाचं. पण राणीच्या माणसाला कटपयादी येत असेल तर? आणि नवा माणूस आत कसा घ्यायचा?

गिरणाकाठ (चाळीसगाव)

येत असेलच असं धरून चाला. म्हणून जागा पाण्यावर कधी बोलू नये, फक्त तिथी. जागा हातातून हातात जाते. पूर्वी बाजारात रुमालाखाली बोटं धरून भाव ठरवायचे, शेजारी उभ्या असलेल्याला आकडा कळत नसे. तसंच इथे: धरलेली बोटं म्हणजे बंधाऱ्याचा क्रमांक. सहा-सातसाठी आधी पूर्ण पंजा, मग एक-दोन बोटं. बोलायचीच वेळ आली तर व्यापाऱ्यांची नंदभाषा आहे, त्यात उधानू म्हणजे तीन, मुळू म्हणजे पाच. तुमच्या जगासाठी असे सात शब्द नवे घडवा, हे जसेच्या तसे उचलू नका.

जमायला निमित्त असं हवं की परक्याने आत यायचा हट्टच धरू नये. आपल्या खानदेशात कानबाई देवीच्या सणाचे रोट भाऊबंदकीतच खातात, बाहेरच्याला देत नाहीत आणि त्याला त्याचं वाईटही वाटत नाही. असा एखादा सण खोऱ्याला द्या, तळघराची गरज उरत नाही.

नव्या माणसाला शपथ देऊ नका, काम द्या. एक पूर्ण हंगाम तो फक्त गोटा ठेवतो, कशासाठी ते त्याला सांगत नाहीत. पकडला गेला तर सांगण्यासारखं त्याच्याकडे काही नसतं.

फितूर शोधायला तिघा संशयितांना तीन तिथ्या द्या: एकाला पान, दुसऱ्याला बन, तिसऱ्याला धान. शिपाई तृतीयेला आले तर 'बन' मिळालेला माणूस फितूर. हे फसतं कधी, तर तिघं एकाच बंधाऱ्याचे असले तर. ते एकमेकांत बोलतात, तिथ्या जुळत नाहीत हे त्यांच्या लक्षात येतं आणि निर्दोष दोघंही मंडळी सोडून जातात. म्हणून तिघं तीन बंधाऱ्यांवरचे घ्या, आणि त्या तीन रात्री बाकीच्या कुणालाच कुठेही बोलावू नका.