कोलंबीचा मसला: कुराण एकच, मग हनफी आणि शाफई वेगळं का सांगतात?

रत्नागिरीची_लेक

सलाम सगळ्यांना. प्रश्न साधा वाटेल पण आठवडाभर डोक्यात घोळतोय म्हणून विचारते. माझं माहेर रत्नागिरीकडचं, कोकणी, म्हणजे शाफई (सुन्नींचे चार मजहब, म्हणजे धर्मनियमांच्या परंपरा आहेत, हनफी, शाफई, मालिकी, हंबली, त्यातली एक). सासर सोलापूरचं, पक्के हनफी. मागच्या रविवारी भाऊ आला तेव्हा अम्मीने बर्फात घालून दोन किलो कोलंबी पाठवली, सोललेली, धागा काढलेली, सोबत वाटण आणि आमसुलं पण. मी पातेलं गॅसवर ठेवलं आणि सासूबाई किचनच्या दारात येऊन म्हणाल्या, "दुल्हन, हमारे बर्तन में नक्को, झींगा हमारे में मकरूह है." मकरूह म्हणजे टाळावं असं. रागाने नाही, अगदी हळू म्हणाल्या, पण मी तिथेच गार झाले. डबा अजून फ्रीजरमध्ये आहे.

मला पातेल्याचं काही नाही, नवीन घेईन. पण माझे अब्बा हज करून आलेले, पाच वक्त नमाजी, आयुष्यभर कोलंबी खात आलेत, मग ते चुकले का? आणि चुकले नसतील तर सासरचे का नाही खात? दोघांचं कुराण एक, नबी एक. आणि लग्न झालं म्हणजे मी पण हनफी झाले का? कुणी नीट समजावून सांगेल का, प्लीज भांडण नको.

भिवंडीचा_तालिब

वालेकुम सलाम आपा. तुमचे अब्बा चुकले नाहीत, सासूबाई पण चुकल्या नाहीत, आणि हे मी दोन्ही बाजू खूश ठेवायला म्हणत नाहीये, कारण सांगतो.

सूरह माइदाची ९६ वी आयत बघा, समुद्राची शिकार आणि त्यातलं खाणं तुम्हाला हलाल केलंय असं आहे. इमाम शाफई, ज्यांच्या नावाने मजहब आहे ते, म्हणतात शब्द आम म्हणजे सर्वसाधारण आहे, कुठली अट घातलेली नाही, मग आपण कोण घालणारे. त्यात ती हदीस जोडा, एकाने विचारलं होतं की आम्ही समुद्रात जातो, गोडं पाणी थोडंच असतं, मग खाऱ्या पाण्याने वजू (नमाजआधी हातपाय-तोंड धुणं) चालेल का, तर नबींनी उत्तर दिलं की त्याचं पाणी पाक आहे आणि त्यातलं मेलेलं हलाल आहे. म्हणजे विचारलं होतं फक्त पाण्याचं, खाण्याचं उत्तर जास्तीचं दिलं. शाफई फिकहचा, म्हणजे धर्मनियमशास्त्राचा, सगळा जोर ह्यावर आहे.

आता हनफी काय म्हणतात. ते म्हणतात ती आयत एहरामच्या (हजसाठी घेतलेल्या खास अवस्थेच्या) चर्चेत आलीय, हाजीने एहराममध्ये जमिनीवरची शिकार करायची नाही पण समुद्रातली चालेल, एवढं सांगायला. शिकार करायची परवानगी म्हणजे हाती येईल ते प्रत्येक जनावर खायची परवानगी नव्हे. मेलेलं जनावर हराम हा कुराणाचा मूळ नियम, आणि त्यातून हदीसमध्ये दोनच सोडलेत, मासा आणि टोळ. वर सूरह आराफच्या १५७ व्या आयतीत "खबाइस" म्हणजे किळसवाण्या वस्तू हराम म्हटल्यात, ते मासा सोडून बाकी समुद्री जनावरं त्यात धरतात.

बघा, इथे कुणी कुराण सोडलेलं नाही. भांडण हे आहे की आम शब्द आला तर तो आमच ठेवायचा की दुसऱ्या आयतीने आवळायचा, आणि आयत कुठल्या संदर्भात आली ते किती धरायचं. उसूल-ए-फिकहची, म्हणजे नियम कसे काढायचे त्या शास्त्राची, अर्धी पुस्तकं ह्याच प्रश्नावर आहेत.

मला स्वतःला सगळ्यात आवडते ती अंबर नावाच्या समुद्री जनावराची हदीस, बुखारी आणि मुस्लिम ह्या दोन्ही हदीससंग्रहांत आहे. नबींचे साथी अबू उबैदा यांच्या हाताखाली तीनशे माणसांची तुकडी समुद्रकाठी गेली, शिदोरी संपत आली, शेवटी माणशी रोज एक खजूर, ती चोखायची आणि वर पाणी प्यायचं. मग किनाऱ्यावर टेकडीएवढं एक जनावर पडलेलं दिसलं. अबू उबैदा आधी म्हणाले मेलेलं आहे, नको, मग म्हणाले आपण अल्लाहच्या वाटेवर आहोत आणि मजबूर आहोत, खा. कितीतरी दिवस खाल्लं, त्याच्या डोळ्याच्या खोबणीत तेरा माणसं बसली, बरगडी उभी करून तिच्याखालून उंट पार झाला. मदीन्यात परत आल्यावर नबी म्हणाले ती अल्लाहने दिलेली रोजी होती, तुमच्याकडे उरलंय का काही, आणि स्वतः खाल्लं. शाफई म्हणतात झालं की, मजबुरी असती तर मदीन्यात बसून का खाल्लं असतं? हनफी म्हणतात रिवायतीत (हदीसच्या वर्णनात) त्याला "हूत" म्हटलंय, म्हणजे मासाच, आणि मासा आम्ही कुठे नाकारतो? एकच गोष्ट, दोघांच्या हातात.

काही जण म्हणतात हनफी मजहबाचे इमाम अबू हनीफा इराकच्या कूफा शहरातले, ते समुद्रापासून लांब म्हणून त्यांनी असं सांगितलं. मला हे पटत नाही, शेजारी फुरात नदी होती आणि त्यांची पद्धत वजूपासून व्यापारापर्यंत सगळीकडे तशीच आहे.

आणि लग्नाने मजहब बदलत नाही. तुम्ही शाफईच राहू शकता.

सोलापुरी_हनफी

भिवंडीच्या भावाने चांगलं लिहिलं, फक्त एक राहिलं, की कोलंबीवर आमच्यातच एकमत नाहीये. आमच्यात मासा हलाल, त्यामुळे खरा सवाल एवढाच की कोलंबी मासा आहे की नाही. देवबंदी आलिम (धर्मपंडित) मौलाना अशरफ अली थानवींनी हलाल म्हटलंय आणि आधार घेतलाय दमीरींचा, १४०५ मध्ये वारलेले इजिप्तचे आलिम, प्राण्यांवर मोठा ग्रंथ आहे त्यांचा, त्यात "रूबियान" म्हणजे अगदी बारीक लाल मासा असं लिहिलंय. गंमत म्हणजे दमीरी स्वतः शाफई! बरेलवी आलिम अहमद रझा खान साहेबांनी सांगितलं की मतभेद आहे तर टाळलेलं बरं. आजचे काही मुफ्ती म्हणतात जीवशास्त्रात कोलंबीला कणा नाही म्हणून मासा नाही, त्यावर दुसरे म्हणतात शरियतचा शब्द लोकांच्या बोलीवरून कळतो, लॅबमधून नाही. मला दुसरं बरोबर वाटतं. आपल्याकडे मासळी बाजारात कोळीण कोलंबी पापलेटच्या शेजारीच मांडते ना, तिला विचारा मासळी आहे का.

पण ताई, सासूबाईंना कमी लेखू नका. शंका असेल तिथे हात मागे घ्यायचा हे आमच्या घरांत लहानपणापासून शिकवतात. माझी आजी टाळायची आणि कुणी खाल्लं तर एक शब्द बोलायची नाही.

माहीमवाला

मी शाफई आहे आणि आपल्या लोकांना एक सांगतो, आपल्यात सगळं सरसकट हलाल असं नाहीये. कुर्ल्या घ्या. इमाम नववी, दमास्कसजवळच्या नवा गावचे, १२७७ मध्ये वारले, त्यांच्या मिन्हाज ह्या किताबेत स्पष्ट आहे की जमिनीवर आणि पाण्यात दोन्हीकडे जगणारं, म्हणजे बेडूक, खेकडा, साप, हे हराम. आणि तेच नववी मजमूअ ह्या दुसऱ्या किताबेत म्हणतात की बेडूक सोडून समुद्रातलं सगळं हलाल हेच सही मत. एकाच माणसाच्या दोन किताबा! नंतरचे आलिम शेकडो वर्षं ह्यावर लिहितायत. आमच्या घरी कुर्ल्या खातात, शेजारच्या कोकणी घरात खात नाहीत. तेव्हा सासर-माहेर सोडा, एका मजल्यावर दोन मतं आहेत. इमाम शाफईंची स्वतःची बगदादची मतं आणि इजिप्तला गेल्यावरची मतं वेगळी, "कदीम" (जुनी) आणि "जदीद" (नवी) म्हणून शिकवतात, कुणी त्याला लाज म्हणत नाही.

आणि कोकणात शाफई का, तर अरब व्यापारी समुद्रमार्गे आले म्हणून, केरळ, श्रीलंका, इंडोनेशिया सगळा किनारा बघा. आमचे मखदूम अली माहिमी १४३१ मध्ये वारले, ते पण शाफईच, अरबीत कुराणाची तफसीर (भाष्य) लिहिली आणि एक आयत पुढच्या आयतीशी कशी बांधलेली आहे ते दाखवत गेले. दर्ग्यावर गर्दी असते पण त्यांची तफसीर वाचलेला माणूस क्वचितच भेटतो, ह्याचं मला फार वाईट वाटतं.

पुण्याची_वकील

खाण्यापिण्यावरून सुरू झालंय पण हे मतभेद बायकांच्या आयुष्यात कुठे लागतात ते सांगितल्याशिवाय राहवत नाही. नवरा बेपत्ता झाला तर जुन्या हनफी मतानुसार त्याच्या वयाची माणसं मरेपर्यंत बाईने थांबायचं, काही किताबांत नवऱ्याचं वय ९० होईपर्यंत. विशीतली पोरगी आणि तिने सत्तर वर्षं वाट बघायची. ब्रिटिश काळात पंजाबात काही बायकांनी निकाह तुटावा म्हणून धर्म सोडला, कारण कोर्ट तेवढ्याने निकाह तुटला असं धरायचं. दुसरी वाटच नव्हती.

तेव्हा ज्यांचं नाव वर कोलंबीवरून आलं तेच थानवी, कट्टर हनफी, त्यांनी मदीन्याच्या मालिकी मुफ्तींना पत्रं लिहून मसले (धार्मिक प्रश्नांवरची मतं) मागवले आणि १९३१ मध्ये अल-हीलतुन नाजिज़ा हे पुस्तक काढलं, की अशा अडचणीत मालिकी मत घ्या, चार वर्षं थांबा, मग काझीकडून निकाह सोडवून घ्या. त्यातूनच पुढे १९३९ चा मुस्लिम विवाह विच्छेद कायदा आला. आजही कलम २ मध्ये पहिलंच कारण आहे, नवऱ्याचा चार वर्षं ठावठिकाणा नसणं. मी कोर्टात हे कलम लावते तेव्हा दर वेळी वाटतं की ती चार वर्षं मदीन्याच्या इमाम मालिकांच्या मजहबातून आलीत. उलेमांना मुस्लिम न्यायाधीशच हवा होता, कायद्यात ते आलं नाही म्हणून ते नाराज झाले, हे पण खरं आहे. पण चारही मजहबांचं मत एकच असतं तर त्या बायकांसाठी उसनं आणायचं कुठून?

रत्नागिरीची_लेक

अल्लाह तुम्हा सगळ्यांना खूश ठेवो, वकील ताईंचं वाचून तर रडू आलं, माझ्या चुलत आत्याचं तसंच झालं होतं, नवरा जहाजावर गेला तो आलाच नाही.

काल सासूबाईंना बसवून अंबरची हदीस वाचून दाखवली, खजूर चोखत होते तिथे त्यांनी डोळे पुसले. मग म्हणाल्या, मैं नै खाऊंगी, पन तू तेरी अम्मी का डब्बा खराब मत कर. आज वेगळं पातेलं आणलं, ॲल्युमिनियमचं, छोटं. यांनी पण खाल्लं, दोनदा वाढून घेतलं, आणि आता हे विचारतायत की दमीरींचं ते वाक्य कुठल्या भागात आहे, सोलापूरच्या दादांना माहीत असेल तर सांगा.