तंबाखूबंदीवरून तुमच्याकडे काय काय झालं?

आमच्या भांडुपच्या सोसायटीत एरवी कोरमसाठी घरोघर बेल वाजवावी लागते. ‘आवारात तंबाखू पूर्ण बंद’ हा ठराव आला आणि खुर्च्या कमी पडल्या. पहिला विरोध तळमजल्यावरच्या आजींचा. “विडीवाल्यांना अडवा, माझ्या मिशेरीनं कुणाचं काय बिघडलं?” मिशेरी म्हणजे भाजलेला तंबाखूच, असं सेक्रेटरी म्हणाले मात्र, मागच्या रांगेतल्या बायका उठल्या. “आम्ही जिन्यात पिचकाऱ्या मारतो का?” सभा तहकूब!

2014 साली अमेरिकेतल्या वेस्टमिन्स्टर या छोट्या गावात तंबाखूविक्रीच बंद करायचा प्रस्ताव आला होता. जाहीर सुनावणीत एवढा गोंधळ झाला की ती अर्ध्यावर गुंडाळली, पुढे प्रस्तावही मागे घेतला. तिथे भांडण दुकानावरून होतं. आपल्याकडे डबी आजीच्या उशाशी असते, म्हणून मला हे जास्त अवघड वाटतं. तुमचे अनुभव लिहा.

लालबागकर: आमच्या चाळीत जिन्याच्या कोपऱ्यांत देवांच्या टाइल्स लावल्या. पिचकाऱ्या मीटरच्या खोलीकडे सरकल्या. गणपतीत मंडपात तंबाखू बंद केला, तर रात्रीच्या पहाऱ्याला कार्यकर्ते मिळेनात. आम्ही मागे हटलो नाही. पहारा बायकांनी केला.

शाळेची आई: कायद्याने शाळेपासून 100 यार्डांत विक्री चालत नाही. आम्ही पालक टेप घेऊन गेलो. टपरीवाले दादा म्हणाले, “मेन गेटपासून मोजा.” आम्ही म्हटलं, मागच्या भिंतीपासून. भर रस्त्यात दोन्ही बाजूंनी टेप ओढाओढी, रिक्षावाले पंच! शेवटी नियम वाचला, अंतर कुंपणाच्या बाहेरच्या कडेपासूनच मोजायचं. दादा आता तिथेच लिंबू सरबत विकतात. त्यांचं पोट चालतंय, याचं मला फार बरं वाटतं.

परळहून: गुटखा राज्यात 2012 पासून बंद आहे. मग मसाला एका पुडीत, तंबाखू दुसऱ्या पुडीत, मिसळायचं काम गिऱ्हाईकाचं. माझ्या काकांचा जबडा टाटात काढला, त्यामुळे मला नुसत्या बंदीचा भरवसा नाही. भांडुपकर, ठरावातून दंड काढा आणि तंबाखू सोडवणारी सरकारी मोफत हेल्पलाइन 1800-11-2356 नोटीस बोर्डावर लावा. आजींना आधी दाताच्या डॉक्टरकडे न्या. तोंड तपासून घ्यायला त्या नाही म्हणणार नाहीत.