मदत हवी आहे: मामोंतोवासने की मामोंतोवने?

मंडळी, आमच्या नाट्यवाचन गटात पुढच्या महिन्यात 20 मिनिटं बोलायचंय आणि विषय मीच अंगावर ओढून घेतलाय: लिथुआनियाचा आंद्रियुस मामोंतोवास. रॉक गायक, चित्रपटांचा संगीतकार आणि नट. माहिती जमली, पण गाडी भलतीकडेच अडली.

1967 साली विल्नियसमध्ये जन्म. सोव्हिएत राजवटीतच, 1983 मध्ये, शाळकरी पोरांचा 'फोये' बँड काढला. (मी महिनाभर 'फोजे' वाचत होते!) फोये म्हणजे नाट्यगृहाची लॉबी. 1997 मध्ये बँड थांबला आणि त्याच वर्षी हा पठ्ठ्या लॉबीतून थेट रंगमंचावर, तेही हॅम्लेट म्हणून! दिग्दर्शक एइमुंतास नेक्रोशियुस. बापाचं भूत पोराच्या हाती बर्फाची लादी देतं, फोडली तर आत खंजीर. प्रसिद्ध स्वगताच्या वेळी डोक्यावर बर्फाचं झुंबर ठिबकत असतं आणि त्याच्या अंगातला सदरा भिजून फाटत जातो. नुसत्या वर्णनानेच हुडहुडी भरली.

पुढे 2006 ची युरोव्हिजन, म्हणजे युरोपातल्या देशांची गाण्यांची स्पर्धा (अथेन्स, सहावा क्रमांक) आणि 2007 पासून त्याने सुरू केलेला रस्त्यावरच्या संगीताचा दिवस. हे दोन वाक्यांत उरकणार आहे.

आता अडचणी:

'मामोंतोवासने' म्हणताना जीभ अडखळते. शेवटचा 'आस' काढून 'मामोंतोवने' केलं तर?

'लाउझो श्विएसा' या फोयेच्या गाण्याच्या नावाला मराठीत काय म्हणू?

आणि हॅम्लेटचा प्रसंग सांगताना मागे त्याच नाटकातलं त्याचं संगीत लावणार आहे. चालेल ना?

प्रतिसाद 1
तो 'आस' म्हणजे त्यांची प्रथमा विभक्ती, आपल्या संस्कृतातल्या 'देवः'सारखी. त्यांच्याकडे देवाला 'दिएवास' म्हणतात. 'मामोंतोवासचं' म्हणायचं तर ते लोक 'आस' काढून 'मामोंतोवो' करतात. तेव्हा व्याकरणाने तुमची शंका रास्त आहे. तरी मराठीत पूर्ण नावच ठेवा. 'ज्युलियस'मधला 'अस'ही लॅटिन प्रत्ययच, पण आपण 'ज्युलियसने' म्हणतोच की. कापलंत तर माणूस रशियन वाटेल, आणि ते त्या देशात तरी कुणाला आवडायचं नाही.

गाण्याचं नाव 'शेकोटीचा उजेड'. 'श्विएसा' म्हणजे उजेड, आपल्या 'श्वेत'चा चुलतभाऊ.

प्रतिसाद 2
ताई, थांबा! त्या हॅम्लेटचं संगीत फाउस्तास लातेनास यांचं आहे. मामोंतोवास त्यात फक्त नट. स्वतः संगीतकार असून दुसऱ्याच्या सुरांवर उभा राहिला, हे सांगा की, भाषणाला तेवढंच वजन येईल. वाजवायचंच तर सुरुवातीला शेकोटी वाजवा.

धागाकर्ती
अगं बाई! निमंत्रण पत्रिकेत 'अभिनय व संगीत: मामोंतोवास' छापायला गेलंय. छापखान्याला फोन लावते आधी.