थँक्सगिव्हिंगसाठी स्लो कुकरमधली ग्लेझ्ड गाजरे : गाजरे कचकचीत आणि रस पातळ

अंगतपंगत :

नमस्कार. आम्ही न्यू जर्सीत राहतो. थँक्सगिव्हिंग या अमेरिकन सणाच्या जेवणाला, म्हणजे नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी, शेजारच्या अमेरिकन कुटुंबाने आम्हाला बोलावले आहे आणि प्रत्येकाने एकेक पदार्थ आणायचा असे ठरल्यावर माझ्या वाट्याला ग्लेझ्ड, म्हणजे पाकाने चकाकणारी, गाजरे आली आहेत. त्यांचा ओव्हन दिवसभर टर्कीने अडलेला असेल आणि शेगडीवरही जागा नसेल, म्हणून गाजरे स्लो कुकरमध्ये (तासन्‌तास हळूहळू शिजवणाऱ्या विजेच्या भांड्यात) करून तोच उचलून आणावा, असे यजमानीणबाईंनी सुचवले.

रविवारी रंगीत तालीम केली. २ पौंड बेबी गाजरे, १ कप संत्र्याचा रस, अर्धा कप ब्राऊन शुगर, पाव कप मेपल सिरप, ४ टेबलस्पून लोणी आणि मीठ असे सगळे एकदम घालून 'लो'वर, म्हणजे मंद आचेवर, ५ तास ठेवले आणि मधून तीनदा झाकण काढून ढवळले. शेवटी बाहेरून सुरकुतलेली पण आत दाताखाली कचकन वाजणारी गाजरे हाती आली, आणि तळाशी चांगले दोन बोटे गोड पाणी, त्यावर लोण्याचे पिवळे डोळे तरंगत होते. नवऱ्याने ते 'गाजराचे सार' म्हणून वाटीत वाढून घेतले, यावरून काय ते समजावे.

पाणी एक थेंबही घातले नव्हते, मग ते आले कुठून? आणि ५ तास शिजूनही गाजरे कडक कशी राहिली? १२ माणसांसाठी करायचे आहे. कृपया अनुभवी मंडळींनी मार्गदर्शन करावे.

मंदाग्नी :

तुमच्या दोन्ही तक्रारींचे मूळ निरनिराळे आहे, म्हणून वेगवेगळे लिहितो.

आधी पाण्याचे पाहू. गाजराच्या वजनात सुमारे ८८ टक्के पाणीच असते, आणि मीठ व साखर लागली की ते बाहेर यायला लागते. काकडीच्या कोशिंबिरीला मीठ आधी लावले तर जे होते तेच इथे होते. त्यात तुमचा कपभर रस. कढईत हे पाणी वाफ होऊन निघून गेले असते आणि मागे पाक उरला असता. स्लो कुकरमध्ये मात्र वाफ झाकणाला लागून थेंबाथेंबाने परत खाली पडते, त्यामुळे ५ तास ठेवा की ८, पाक आटण्याची शक्यताच नसते. ज्याला ग्लेझ म्हणतात तो आटलेला, लोण्याने चकाकी आलेला पाकच असल्यामुळे तो बंद झाकणाखाली तयार होत नाही. तो शेवटी वेगळा करावा लागतो. या उपकरणाचा जन्मच कडधान्यांसाठी झाला आहे. आयर्विंग नॅक्सन यांना १९४० मध्ये पेटंट मिळालेले भांडे पुढे 'बीनरी' या नावाने विकले जाई, आणि 'रायव्हल' कंपनीने १९७० मध्ये तो धंदा विकत घेऊन १९७१ मध्ये तेच 'क्रॉक-पॉट' म्हणून बाजारात आणले. चवळी-हरभऱ्याला भरपूर पाणी आणि भरपूर वेळ हवा असतो, तो हे भांडे उत्तम देते. आटवणे हे त्याचे काम नाही.

आता कडकपणा. गाजराच्या पेशींना एकमेकींशी धरून ठेवणारे पेक्टिन साधारण ८५ अंश सेल्सिअसच्या पुढे गेल्याशिवाय नीट सैल होत नाही. शिवाय ५० ते ७० अंशांच्या पट्ट्यात गाजरातले एक विकर (एन्झाइम) त्या पेक्टिनला उलट अधिक घट्ट करते, आणि 'लो'वर भांडे याच पट्ट्यातून रमतगमत वर चढते. बहुतेक स्लो कुकरांत 'लो' आणि 'हाय' शेवटी जवळपास एकाच तापमानाला, उकळबिंदूच्या किंचित खाली, पोचतात. फरक असतो तो तिथवर पोचायला लागणाऱ्या वेळाचा. म्हणून कंदमुळांसाठी सुरुवातीपासून 'हाय'च ठेवावे. तुम्ही प्रत्येक वेळी झाकण काढलेत तेव्हा साठलेली वाफ गेली आणि ती भरून यायला पुन्हा वीसेक मिनिटे लागली, हे वेगळेच.

तिसरा दोषी संत्र्याचा रस. डाळ शिजण्याआधी चिंच-आमसूल घालू नये, हे आपल्याकडे कोणालाही सांगावे लागत नाही. आंबटात पेक्टिन सहज सुटत नाही, आणि गाजरालाही तोच नियम लागू आहे. जास्तीची साखरही शिजणे लांबवते.

मी असे करतो : ३ पौंड गाजरे (१२ जणांना इतर पदार्थांसोबत पुरतात), पाव कप गरम पाणी, २ टेबलस्पून लोणी, १ टेबलस्पून ब्राऊन शुगर आणि पाऊण चमचा मीठ घालून 'हाय'वर साडेतीन ते चार तास. तिसऱ्या तासापर्यंत झाकणाला हात लावत नाही. सुरीचे टोक सहज आत गेले की सगळा रस पसरट पॅनमध्ये ओततो, उरलेली अर्धा कप साखर आणि मेपल सिरप त्यात घालून मोठ्या आचेवर उकळतो. आधी बुडबुडे लहान आणि फेसाळ असतात; ते मोठे, संथ आणि चकचकीत झाले आणि चमच्याच्या पाठीवर बोट फिरवल्यावर रेघ तशीच राहिली की आच बंद. एकतारीपर्यंत जाऊ नये, कारण ताटात गार झाल्यावर पाक आणखी घट्ट होतो. मग २ टेबलस्पून थंड लोणी, २ टेबलस्पून संत्र्याचा रस आणि किसलेली साल घालून पॅन गोल फिरवतो आणि हे सगळे गाजरांवर ओततो. सगळेच लोणी सुरुवातीपासून घातले तर फुटून वर तरंगते, ते तुम्ही पाहिलेच आहे.

चुलीपुढे :

अंगतपंगत ताई, मंदाग्नींचे शास्त्र मला पटले, पण शेवटी पॅन घ्यायचेच आहे तर सुरुवातीलाच का घेऊ नये, असे माझ्यासारख्या जुन्या बाईला वाटते. मी दर वर्षी दोन-तीन महिने मुलीकडे शिकागोला असते आणि तिच्याकडच्या थँक्सगिव्हिंगची गाजरे पसरट भांड्यात करते. गाजरे एका थरात मांडायची, ती जेमतेम निम्मी बुडतील एवढे पाणी, लोणी, साखर, मीठ, वर तिरके झाकण. दहा-बारा मिनिटांनी झाकण काढून पाणी आटू द्यायचे. अर्ध्या तासात सगळे होते आणि गाजराचा रंगही टिकतो. चार तास शिजलेले गाजर थोडे फिके आणि पिठूळ लागते, हे कोणी मान्य करो वा न करो.

३ पौंड एका थरात मावत नाहीत, तेव्हा दोन घाणे काढावे लागतात, हे खरे. पण तुम्ही सकाळी घरीच गाजरे करा, गरम असतानाच गरम केलेल्या स्लो कुकरमध्ये भरा आणि तिथे 'वॉर्म'वर, म्हणजे नुसते गरम राहील असे, ठेवा. फ्रिजमधले गार अन्न मात्र स्लो कुकरमध्ये गरम करायला ठेवू नका. ते फार हळू तापते आणि तेवढ्या वेळात बिघडू शकते. वाढेपर्यंत अन्न ६० अंशांच्या वर राहिले पाहिजे. स्लो कुकरचे आतले मातीचे भांडे फ्रिजमधून थंडगार काढून तापलेल्या तळावर ठेवले तर तडकतेही. माझ्या हातून एक असेच गेले आहे.

आणखी एक. बेबी गाजर हे कोवळे गाजर नसते. मोठी गाजरे यंत्राने कापून-तासून केलेले ते तुकडे असतात. कॅलिफोर्नियातल्या एका शेतकऱ्याने १९८० च्या दशकात वाकडीतिकडी गाजरे वाया जाऊ नयेत म्हणून ही युक्ती काढली. त्यांपेक्षा साधी लांब गाजरे घेऊन अर्ध्या इंचाचे तिरके तुकडे करावेत; शिजतातही सारखी आणि चवीलाही गोड लागतात.

रताळ्याचे_काप :

चुलीपुढे काकूंशी मी अर्धा सहमत आहे : गाजराला स्लो कुकर आवश्यक नाही. पण यजमानीणबाईंची हरकत नसेल तर गाजरांऐवजी रताळी न्यावीत, कारण तिथे हे भांडे खरोखर कामाचे आहे. रताळे ५७ ते ७७ अंशांच्या दरम्यान जितके रेंगाळते तितके त्यातले विकर पिठाची माल्टोज साखर करत राहते. म्हणजे जो संथपणा गाजराला कडक करतो, तोच रताळ्याला गोड करतो. म्हणून रताळी 'लो'वर ठेवावीत आणि साखर निम्मी करावी.

अमेरिकन दुकानात नारिंगी रताळ्यावर 'याम' असे लिहिलेले दिसले तरी ते रताळेच असते. हे नाव १९३० च्या दशकात लुइझियानाच्या शेतकऱ्यांनी आपला माल वेगळा दिसावा म्हणून प्रचारात आणले. त्याच 'कँडीड याम्स'वर पुष्कळ घरांत मार्शमॅलो पसरतात. त्यात जिलेटिन असते, तेव्हा शाकाहारी मंडळींनी ते आधी विचारून घ्यावे. मी स्वतः उपासाच्या तुपातल्या रताळ्याच्या कापांचीच वाट धरतो : लोण्याऐवजी तूप, ब्राऊन शुगरऐवजी थोडा गूळ आणि शेवटी वेलची. आमच्याकडे आलेल्या अमेरिकन पाहुण्यांनी भांडे पुसून खाल्ले.

अंगतपंगत :

सर्वांचे मनापासून आभार. गाजरे बदलता येणार नाहीत, कारण रताळी दुसऱ्या एका घराकडे आहेत (आणि हो, मार्शमॅलोसकट, विचारून घेतले). काल पुन्हा करून पाहिले. लांब गाजरे तिरकी कापली, जाड तुकडे तळाशी आणि कडेला मांडले, 'हाय'वर ठेवले आणि झाकणावर 'हात लावू नये' अशी चिठ्ठी चिकटवली. पावणेचार तासांत सुरी सहज आत गेली. रस दीड कप निघाला, तो आटायला १२ मिनिटे लागली. पाक इतका छान चमकला की नवऱ्याने आज सार मागितले नाही.

एकच शंका उरली. तिथे जेवणाआधी दीड तास गाजरे 'वॉर्म'वर राहणार आहेत; तेवढ्यात पाक पुन्हा पातळ होईल का? आणि झालाच, तर थोडे कॉर्नफ्लोअर लावावे का?

मंदाग्नी :

थोडा होईल, कारण गाजरे अजूनही पाणी सोडत राहतात. म्हणून पाक वेगळ्या लहान बरणीत न्या आणि वाढण्याच्या दहा मिनिटे आधी गाजरांतले पाणी निथळून वर ओता. बरणी गरम पाण्यात उभी करून ठेवली की तो ओतण्याइतका सैल राहतो. कॉर्नफ्लोअरने पाक दाट होतो, पण चकाकी मंदावते आणि रस चायनीज सूपकडे झुकतो, म्हणून मी टाळतो. वापरायचेच झाले तर तिथल्या दुकानात 'कॉर्नस्टार्च' मागा. 'कॉर्न फ्लोअर' म्हणून मक्याचे पिवळे पीठ हाती येण्याची शक्यता आहे.