चेतापेशीची आकृती पाठ आहे, पण काचपट्टीवर अक्षतंतू ओळखता येत नाही

प्रश्न

नमस्कार. मी पदवीच्या पहिल्या वर्षात प्राणिशास्त्र शिकते. चेतापेशीची नामनिर्देशित आकृती मी शाळेपासून काढत आले आहे. पेशीकाय (पेशीचे मुख्य धड), वृक्षिका (पेशीकायाकडे संदेश आणणारे फाटे), अक्षतंतू (पेशीकायापासून संदेश दूर नेणारा लांब फाटा), त्यावरचे मायलिनचे आवरण, रॅनव्हिएच्या गाठी ही सगळी नावे मला झोपेतून उठवून विचारली तरी सांगता येतील. परंतु प्रात्यक्षिकात मेरुरज्जूच्या आडव्या छेदाची काचपट्टी सूक्ष्मदर्शकाखाली ठेवली, तेव्हा माझी पुरती निराशा झाली. जांभळ्या रंगाच्या मोठ्या पेशी दिसल्या. कुणाला तीन टोके होती, कुणाला पाच, तर काही पेशी जवळजवळ गोलच होत्या. लांब शेपटासारखा अक्षतंतू एकाही पेशीला नव्हता आणि मायलिन तर कुठेच दिसले नाही.

माझे दोन प्रश्न आहेत. पहिला असा की, त्या तीन-चार फाट्यांपैकी अक्षतंतू कोणता हे ओळखण्याची डोळ्यांना दिसेल अशी काही खूण आहे का? दुसरा असा की, हे भाग नुसते पाठ न करता नीट समजून घ्यायचे असतील, तर अभ्यासाला सुरुवात कोठून करावी?

प्रतिसाद १

आपण पाहिलेल्या काचपट्टीत काहीच बिघडलेले नाही, आणि आपल्या नजरेतही दोष नाही. मेणात बुडवून कापलेला काप साधारण 5 ते 10 मायक्रोमीटर जाडीचा असतो, तर मेरुरज्जूतील मोठ्या प्रेरक (स्नायूंना संदेश पाठवणाऱ्या) चेतापेशीचे पेशीकायच 50 मायक्रोमीटर किंवा त्याहून अधिक रुंद असते. एखाद्या झाडाच्या बुंध्यापाशी करवत चालवून एकच पातळ चकती काढली, तर तिच्यात फांद्या दिसतील अशी अपेक्षा आपण करत नाही. येथेही तसेच आहे. ज्या पेशी आपल्याला गोल वाटल्या, त्यांचे फाटे त्या चकतीच्या वर किंवा खाली राहून गेले, एवढेच.

आता खुणेविषयी सांगतो. बहुधा आपली काचपट्टी निस्सलच्या पद्धतीने, म्हणजे टोल्युइडिन ब्लू किंवा क्रेसिल व्हायोलेटसारख्या रंजकाने रंगवलेली असावी. या रंजकाने पेशीकायात गडद जांभळे ठिपके उमटतात, त्यांना निस्सल कणिका म्हणतात. खडबडीत आंतर्द्रव्यजालिका आणि रायबोसोम यांचे ते पुंजके होत, म्हणजे पेशीचा प्रथिने बनवण्याचा कारखानाच तो. हे ठिपके वृक्षिकांच्या बुंध्यात काही अंतरापर्यंत शिरलेले दिसतात, परंतु अक्षतंतूत ते नसतात, आणि अक्षतंतू जेथून निघतो त्या शंकूच्या आकाराच्या उंचवट्यातही नसतात. म्हणून पेशीच्या कडेला फिकट, स्वच्छ असा एक त्रिकोणी भाग दिसला आणि त्यातून ठिपके नसलेला फाटा निघताना दिसला, की तोच अक्षतंतू समजावा. हा उंचवटा प्रत्येक पेशीत कापाच्या पातळीवर येत नाही, त्यामुळे दहा-पंधरा पेशी धीराने पाहाव्या लागतात.

आणखी एक सूचना. पेशी निवडताना प्रथम तिचे केंद्रक पाहावे. मोठे, गोल, फिकट केंद्रक आणि त्याच्या मध्यभागी ठसठशीत गडद केंद्रिका दिसली, तर काप पेशीच्या साधारण मध्यातून गेला आहे असे मानायला हरकत नाही. अशाच पेशीत उंचवटा सापडण्याची आशा अधिक असते.

मायलिन न दिसण्याचे कारण अगदी साधे आहे. ते मुख्यतः मेदाचे बनलेले असल्यामुळे काप तयार करताना वापरलेल्या अल्कोहोल आणि झायलिनमध्ये त्याचा बराचसा भाग विरघळून जातो. उरते ती अक्षतंतूभोवतीची रिकामी कडी. ते पाहायचे असेल तर ऑस्मियम टेट्रॉक्साइडने काळे केलेले, सुईने विलग केलेले चेतेचे धागे मागून घ्यावेत. त्यात मायलिन काळ्या नळीसारखे दिसते आणि ती नळी जेथे क्षणभर तुटल्यासारखी वाटते, ती रॅनव्हिएची गाठ. 'गाठ' या शब्दामुळे तेथे फुगवटा असेल असे अनेकांना वाटते. प्रत्यक्षात ते खंडित आवरणातील उघडे ठिकाण असते.

प्रतिसाद २

वरील प्रतिसादाशी मी पूर्ण सहमत आहे. आपल्या दुसऱ्या प्रश्नाविषयी मात्र मला थोडे सविस्तर लिहायचे आहे, कारण माझ्या मते सगळा घोळ पुस्तकातल्या त्या आकृतीच्या प्रमाणामुळे होतो. तिच्यात अक्षतंतू पेशीकायाच्या पाच-सहा पट लांब काढलेला असतो, आणि तेच प्रमाण आपल्या मनात कायमचे बसते.

एकदा कागद-पेन्सिल घेऊन खरे प्रमाण मांडून पाहा. कमरेच्या भागातील मेरुरज्जूपासून पावलाच्या स्नायूपर्यंत जाणारा अक्षतंतू सुमारे 1 मीटर लांब असतो. पेशीकाय 50 मायक्रोमीटरचे आणि अक्षतंतूची जाडी 10 मायक्रोमीटर धरू. हे सर्व हजार पटींनी मोठे केले, तर पेशीकाय 5 सेंटिमीटरचे, म्हणजे लिंबाएवढे होईल, आणि त्यातून निघालेला अक्षतंतू बोटाएवढ्या जाडीचा, पण तब्बल 1 किलोमीटर लांबीचा दोर होईल. त्या दोरावर साधारण दर मीटरला एक गाठ येईल आणि त्या गाठीपाशी आवरणातील उघडी जागा जेमतेम 1 मिलिमीटरची असेल. हे चित्र एकदा डोळ्यांसमोर आले, की प्रत्येक भाग तेथे का आहे हा प्रश्न आपोआप पडू लागतो, आणि अभ्यासाची खरी सुरुवात तेथूनच करावी असे मला मनापासून वाटते.

उदाहरणार्थ, वरील मापांवरून हिशेब केला तर अक्षतंतूचे आकारमान पेशीकायाच्या हजार पटींहून अधिक निघते. परंतु निस्सल कणिका अक्षतंतूत नसतात हे आपण आताच वाचले. मग एवढ्या लांबवर लागणारी प्रथिने पोचतात कशी? अक्षतंतूच्या आत सूक्ष्मनलिकांचे रूळ टाकलेले असतात आणि त्यांवरून कायनेसिन नावाचे प्रथिन माल टोकाकडे वाहून नेते, तर डायनीन तो पेशीकायाकडे परत आणते. जलद वाहतूक दिवसाला 400 मिलिमीटरपर्यंत जाते, म्हणजे पावलापर्यंत पोचायला अडीच दिवस लागतात. पेशीच्या सांगाड्याची प्रथिने मात्र दिवसाला एखाद-दोन मिलिमीटर इतक्या संथपणे सरकतात आणि त्याच प्रवासाला त्यांना वर्षे लागतात.

दुसरा प्रश्न संदेशाच्या वेगाचा. मायलिन नसलेल्या बारीक तंतूत आवेग, म्हणजे विद्युत संदेश, सेकंदाला 1 ते 2 मीटर किंवा त्याहूनही कमी वेगाने जातो. मायलिन असलेल्या जाड तंतूत तोच वेग सेकंदाला 120 मीटरपर्यंत पोचतो. आवेग प्रत्येक गाठीपाशी नव्याने उभा राहतो, कारण सोडियमच्या मार्गिका (पटलातून सोडियम आयन आत सोडणाऱ्या वाटा) तेथेच दाटीने असतात. हीच दाटी अक्षतंतूच्या आरंभीच्या भागातही असते, आणि वृक्षिकांकडून आलेल्या लहानमोठ्या संदेशांची बेरीज पुरेशी झाली की पहिला आवेग तेथे जन्मतो. त्यामुळे तो फिकट उंचवटा नुसती ओळखण्याची खूण नाही. पेशीचा निर्णय होतो ती जागा त्याच्या अगदी लगतच आहे.

आकृतीत मायलिन बनवणाऱ्या श्वान पेशी काढताना एक काळजी घ्यावी. मेंदू आणि मेरुरज्जू यांच्या आत मायलिन बनवण्याचे काम ऑलिगोडेंड्रोसाइट करतात आणि त्यांपैकी एकच पेशी अनेक अक्षतंतूंना आवरण पुरवते. श्वान पेशी मेंदू आणि मेरुरज्जू यांच्या बाहेर असतात आणि प्रत्येक पेशी एकाच अक्षतंतूचा एकच तुकडा गुंडाळते. आपण पाहिलेल्या प्रेरक पेशीचा अक्षतंतू दोन्ही प्रदेशांतून जातो, म्हणून एकाच तंतूवर आधी एका प्रकारच्या आणि मेरुरज्जूबाहेर पडल्यावर दुसऱ्या प्रकारच्या पेशींचे आवरण असते. ही गोष्ट पहिल्यांदा कळली तेव्हा मला फार आनंद झाला होता.

शब्दांविषयीही थोडेसे. बोलण्यात आपण 'नस' म्हणतो आणि जुन्या पुस्तकांत 'मज्जातंतू' म्हटलेले असते, पण हे दोन्ही शब्द चेतेसाठी, म्हणजे शेकडो-हजारो अक्षतंतूंच्या जुडग्यासाठी वापरले जातात. एका पेशीसाठी ते वापरू नयेत. मायलिन हा शब्दही ज्या ग्रीक शब्दावरून आला, त्याचा अर्थ मज्जा असाच आहे.

प्रतिसाद ३

एका काचपट्टीवर पूर्ण चेतापेशी दिसत नाही ही अडचण एकोणिसाव्या शतकातील संशोधकांनाही होती, म्हणून हे लिहीत आहे. 1873 मध्ये कामिल्लो गोल्गी यांनी पोटॅशियम डायक्रोमेट आणि सिल्व्हर नायट्रेट वापरून अशी पद्धत शोधली की, जाड कापातील फार थोड्या पेशी काळ्या होतात, पण ज्या होतात त्या शेंड्यापासून बुंध्यापर्यंत दिसतात. सगळ्याच पेशी रंगल्या असत्या तर नुसते काळे जाळे दिसले असते. याच पद्धतीने सांतियागो रामोन इ काहाल यांनी प्रत्येक चेतापेशी स्वतंत्र असल्याचे दाखवले. गोल्गी स्वतः मात्र सर्व चेतापेशी मिळून एकच अखंड जाळे असते या मतावर ठाम राहिले, आणि 1906 चे नोबेल पारितोषिक दोघांना मिळून मिळाले. दोन पेशींमधील फट सुमारे 20 नॅनोमीटरची असल्यामुळे प्रकाशाच्या सूक्ष्मदर्शकाने ती दिसणे शक्यच नव्हते. ती 1950 च्या दशकात इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाने दिसली.

आपल्याला गोल्गी पद्धतीची काचपट्टी मिळाली तर जरूर पाहावी. वृक्षिका पुढे जाताना निमुळत्या होतात, लघुकोनात फुटतात आणि पुष्कळ पेशींत त्यांच्यावर काटेरी उंचवटे असतात. अक्षतंतू बारीक असतो, त्याची जाडी दूरवर तशीच राहते आणि त्याला शाखा फुटल्याच तर बहुधा काटकोनात फुटतात.

प्रश्नकर्तीचा प्रतिसाद

आपणा सर्वांचे मनापासून आभार. आज पुन्हा काचपट्टी पाहिली. अकराव्या पेशीत तो फिकट शंकू सापडला. ठिपके एका ठराविक रेषेपाशी थांबतात आणि पुढचा भाग काचेसारखा स्वच्छ दिसतो.

परंतु आता एक नवी शंका उभी राहिली आहे. शेजारची काचपट्टी पृष्ठमूल गंडिकेची, म्हणजे मेरुरज्जूलगतच्या संवेदी पेशींच्या पुंजक्याची होती. तेथील संवेदी पेशी गोल आहेत आणि पुस्तकात त्यांना एकच फाटा दाखवला आहे, जो पुढे दुभंगून एक शाखा त्वचेकडे आणि दुसरी मेरुरज्जूकडे पाठवतो. त्वचेकडील शाखा संदेश पेशीकायाच्या दिशेने आणते. मग व्याख्येप्रमाणे ती वृक्षिका ठरते का? तिला मायलिन आहे, म्हणून माझा गोंधळ होतो.

प्रतिसाद १ लिहिणाऱ्यांचे उत्तर

शंका अगदी योग्य जागी आली आहे. संदेशाची दिशा पेशीकायाच्या संदर्भात मोजली, की या पेशीत व्याख्या अडते. त्याऐवजी आवेग कोठे जन्मतो हे पाहावे. या पेशीत तो त्वचेजवळच्या टोकाशी जन्मतो आणि तेथून मेरुरज्जूपर्यंत सलग जातो. पेशीकाय वाटेत एका बाजूला, देठावर फळ लटकावे तसे, लटकलेले असते. त्यामुळे रचनेने आणि कामाने दोन्ही शाखा अक्षतंतूच्याच आहेत. वृक्षिकेचे काम फक्त त्वचेतील टोकाचा, आवेग जन्मण्याच्या आधीचा भाग करतो. काही पुस्तके अजूनही त्या संपूर्ण शाखेला वृक्षिका म्हणतात, पण निस्सल कणिका नाहीत, जाडी समान आहे आणि मायलिन आहे, एवढे पाहिल्यावर ते नाव मला पटत नाही.

जर्नलमध्ये त्या शाखेला 'परिघीय शाखा' आणि दुसरीला 'केंद्रीय शाखा' असे लिहावे. गोल पेशीच्या भोवती छोट्या केंद्रकांची जी माळ आपल्याला दिसली असेल, ती उपग्रह पेशींची, म्हणजे चेतापेशीला वेढणाऱ्या आधार पेशींची आहे. ती चेतापेशीच्या आत दाखवू नये.